वडील_जुने

१

संध्याकाळी सहाला मी गोदामातून घरी येतो, हातपाय धुतो, चहा घेतो आणि मधल्या छोट्या खोलीत कॉम्प्युटरपुढे बसतो. आठला बायको जेवायला हाक मारते. या दोन तासांत मला कोणी काही विचारत नाही, मीही कोणाला विचारत नाही. पन्नाशी उलटलेला माणूस गेम खेळतो याचं गोदामातल्या लोकांना फार हसू येतं. येऊ दे. त्यांची पोरं त्यांच्याशी बोलतात, त्यांना हसायला काय जातंय.

गेम साधा आहे. एक घर बांधायचं, त्यात माणसं ठेवायची. ती उठतात, कामाला जातात, जेवतात, भांडतात, आणि आपण वरून बघत बसायचं. मूळ गेममध्ये वस्तू थोड्या मिळतात. बाकीच्या लोकांनी हौसेने करून ठेवलेल्या असतात: खुर्च्या, पडदे, माणसांचे कपडे, त्यांच्या सवयीसुद्धा. कोणी त्यांना मॉड म्हणतं, कोणी अ‍ॅडऑन. ते आपोआप बसवून देणारा प्रोग्रॅमही आहे, पण मी त्याच्या वाटेला जात नाही. मी एकेक फाइल उतरवून घेतो, झिप उघडतो आणि हाताने ती जिथे जायला हवी त्या फोल्डरमध्ये नेऊन ठेवतो. सत्तावीस वर्षं स्पेअर पार्टच्या गोदामात स्टोअरकीपर आहे. कुठला माल कुठल्या फळीवर गेला हे मला ठाऊक नसेल तर मला जेवण जात नाही. सोबत आलेली सूचनांची फाइल मात्र मी कधी उघडत नाही. सूचना वाचून काम करणं हे नवख्यांचं लक्षण, असं मी दोन पिढ्यांच्या मदतनिसांना ऐकवलं आहे.

गेममध्ये मी आमचंच घर बांधलं होतं. हॉल, स्वयंपाकघर, दोन मोठ्या खोल्या आणि मधली ही छोटी. माणसं तीन. मी, बायको आणि मुलगी.

मुलीला तिची आई खारू म्हणते. खारू गेली चार वर्षं माझ्याशी एक अक्षर बोललेली नाही. अठराव्या वर्षी तिला असलेच गेम बनवायला शिकायचं होतं. कुठल्याशा संस्थेत प्रवेशासाठी स्वतः केलेलं काम पाठवायचं होतं, वर्षभर खपून तिने ते केलं होतं. पाठवायच्या दोन दिवस आधी मी कॉम्प्युटर फॉरमॅट केला, आतलं सगळं पुसून टाकलं. रागाच्या भरात नाही, शांतपणे, चष्मा लावून. तुझ्या भल्यासाठी केलं, असं तिला सांगितलं. तिने आरडाओरडा केला नाही. कोऱ्या स्क्रीनकडे बघितलं, आपल्या खोलीत गेली आणि दार लावून घेतलं. नंतर ती एका चष्म्याच्या दुकानात कामाला लागली. जेवताना मीठ हवं असेल तर ती आईला सांगते, आणि आई माझ्यासमोरची बरणी उचलून तिला देते.

आता तिला दूरच्या शहरात नोकरी लागली होती. दहा दिवसांनी, रविवारी, ती कायमची जाणार होती. जायच्या आधी तिने एकदा माझ्याशी बोलावं, एवढंच मला हवं होतं. माफीबिफी नको होती, शिव्या दिल्या असत्या तरी चाललं असतं.

२

गेममधली मुलगीही वडिलांशी बोलत नव्हती. हे मी केलेलं नव्हतं, तसं झालं होतं. वडिलांचा बाहुला तिच्याजवळ गेला की ती पाठ फिरवायची, मग तो हॉलच्या कोपऱ्यात जाऊन भिंतीकडे बघत उभा राहायचा. मी नाना प्रकार करून पाहिले. शेवटी त्या गुरुवारी वैतागून इंटरनेटवर शोधाशोध केली.

आपल्या भाषेतला एक जुना, ओस पडलेला फोरम सापडला. त्यावर वडिलांचं वागणं बदलणारा एक अ‍ॅडऑन होता. आजवर किती जणांनी उतरवून घेतला तो आकडा शून्य होता. मी पहिलाच. म्हटलं, बघू तर खरं.

झिपमध्ये दोनच फाइली होत्या. एक सूचनांची आणि दुसरीचं नाव नुसतं ‘वडील’. गेमच्या फोल्डरमध्ये त्याच नावाची मूळ फाइल होती. नवी तिच्यावर टाकली असती तर जुनी पुसली गेली असती, आणि मी कुठलीच जुनी वस्तू टाकत नाही. गोदामात नवा पार्ट आला की जुन्याला चिठ्ठी बांधायची, ‘जुना’ असं लिहायचं आणि त्याच फळीवर मागे सरकवून ठेवायचं, ही माझी पद्धत. उद्या नवा बिघडला तर धावाधाव नको. इथेही तेच केलं. मूळ फाइलला ‘वडील_जुने’ असं नाव दिलं, तिथेच राहू दिली आणि शेजारी नवी ठेवली. मनाशी म्हणालो, याला म्हणतात काम.

गेम सुरू केला. बाहुला कोपऱ्यात भिंतीकडे तोंड करून उभाच. अ‍ॅडऑन करणाऱ्याला मी मनातल्या मनात दोन शिव्या हासडल्या.

बंद करताना एक गोष्ट दिसली. स्क्रीनच्या वरच्या कडेला घरातल्या माणसांचा आकडा असतो. तिथे चार होते. मी हॉल पाहिला, स्वयंपाकघर पाहिलं. तेवढ्यात बायकोने हाक मारली आणि मी उठलो. फुकट मिळणाऱ्या वस्तूत असल्या चुका असायच्याच.

३

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी बायकोने चहाचा कप माझ्यासमोर आपटला नाही, अलगद ठेवला. समोर बसली. ती माझ्यासमोर बसत नाही, तिला कामं असतात.

“दुपारी जेवायला आलात ते बरं केलंत,” ती म्हणाली. “आणि जेवण छान झालंय म्हणालात. किती वर्षांनी.”

दुपारी मी गोदामात होतो. आठव्या रांगेत ऑइल सील मोजत होतो, सोबत दोन मदतनीस होते आणि एक वाजून वीस मिनिटांनी आवक रजिस्टरवर मी सही केली होती. हे मी तिला सांगणार होतो. पण बायकोचे टोमणे मला आवाजावरून कळतात, आणि हा टोमणा नव्हता. तिचा चेहरा इतका मोकळा झाला होता की मला बोलवेना. मी नुसतं हं म्हटलं.

मग मी विचार केला. घरी एकट्या बाईला दुपारी डुलकी लागते, स्वप्न पडतं, जागेपणीही ते खरं वाटतं. आमच्या हेड क्लार्कच्या आईचं असंच झालं होतं. बायकोला डॉक्टरकडे न्यायला हवं, असं ठरवून मी कॉम्प्युटरपुढे जाऊन बसलो. स्वयंपाकघरात गेली दोन वर्षं टपटपणारा नळ त्या संध्याकाळी वाजत नव्हता. प्लंबर येऊन गेला असेल. कोण येतं, कोण जातं, मला कोण सांगतंय.

४

मंगळवारी सकाळी मी बाथरूममध्ये दाढी करत होतो. बाहेर कोणीतरी दार वाजवलं. बाथरूमचं नाही, खारूच्या खोलीचं. बोटाच्या पेराने, हलकेच, तीनदा. आमच्या घरात कोणी दार वाजवत नाही. बायको हाक मारते आणि मी सरळ ढकलतो.

आतून खारूचा आवाज आला. शब्द कळले नाहीत. मग दार उघडलं आणि ती हसली.

तिचं हसू मी चार वर्षांत ऐकलं नव्हतं, पण विसरलो नव्हतो. आधी नाकातून फुस्स होतं आणि मग हसू येतं. हातातलं ब्लेड तसंच धरून मी ऐकत राहिलो. स्वयंपाकघरातून भांडी घासल्याचा आवाज येत होता, म्हणजे बायको तिथे होती. मी तोंडावर फेस असतानाच कडी काढली. घरातल्या बोळात कोणी नव्हतं. खारूचं दार बंद होतं. माझा टॉवेल, जो मी आत घेऊन आलोय अशी माझी समजूत होती, तो तिच्या दाराशेजारच्या खुर्चीवर होता, ओला.

भिंतीपलीकडच्या बिऱ्हाडातले आवाज आमच्याकडे येतात. टॉवेल माणूस कुठेही विसरतो. मला वर्षभर रक्तदाबाची गोळी चालू आहे आणि तिच्या चिठ्ठीवर बारीक अक्षरात पुष्कळ काय काय लिहिलेलं असतं. मी सगळ्या गोष्टी नीट जागेवर लावल्या, चेहरा धुतला आणि कामाला गेलो. त्या दिवशी एका बेअरिंगच्या खोक्यावर मी चुकीचा नंबर टाकला. सत्तावीस वर्षांत पहिल्यांदा.

संध्याकाळी आठला कोणी हाक मारली नाही. सव्वाआठला मी आपणहून उठून गेलो. टेबलावर तीन उष्टी ताटं होती. माझ्या जागेवरचंही उष्टं होतं, शेवटच्या घासापर्यंत नीट संपवलेलं, मी टाकतो तसं काठाला काही टाकलेलं नाही. बायको ताटं गोळा करत होती.

मला वाढ, असं मी म्हणालो तेव्हा ती थांबली आणि तिने माझ्याकडे काळजीने बघितलं.

“अहो, आत्ताच तर जेवलात,” ती म्हणाली. “खारूशी बोलत बोलत. बरं आहे ना तुम्हाला?”

मी म्हणालो बरं आहे. मग खोलीत जाऊन बिस्किटं खाल्ली. स्वतःच्या घरात चोरासारखी बिस्किटं खाताना मला भीती वाटायला हवी होती. पण खरं सांगतो, मला मत्सर वाटत होता. ती कोणाशी तरी बोलत होती, आणि तो मी नव्हतो.

५

गुरुवारी मी पोट बिघडल्याचं कारण सांगून दुपारी एकलाच निघालो. जिना चढताना बुटांचा आवाज होऊ दिला नाही. दाराशी आलो आणि किल्ली काढता काढता थांबलो.

आत मी बोलत होतो.

आपला आवाज आपल्याला बाहेरून परका वाटतो म्हणतात. मला वाटला नाही. खाकरायची तीच पद्धत, वाक्याच्या मध्येच तेच थांबणं. फक्त घाई नव्हती.

“त्या दिवशी मी जे केलं ते तुझ्या भल्यासाठी नव्हतं, खारू,” तो आवाज म्हणाला. “तू माझ्या पुढे निघून जाशील आणि मला त्यातलं काहीच कळणार नाही, याची मला भीती वाटली. म्हणून मी ते पुसलं. ते वाईट होतं.”

 ही गोष्ट मी कोणाला सांगितली नव्हती. स्वतःलाही धड सांगितली नव्हती. चार वर्षं मी तिच्या एका शब्दाची वाट बघत होतो आणि माझ्याकडचा हा एवढा शब्द दाबून बसलो होतो. आणि आता कोणीतरी माझ्या आवाजात, माझ्या घरात, माझी चूक कबूल करून मोकळा होत होता. त्याला काय अधिकार? चूक माझी होती.

आत कोणीतरी रडत होतं. मी किल्ली फिरवली आणि आवाज थांबले.

हॉलमध्ये बायको पदराने डोळे पुसत उभी होती. मला बघून ती हसली आणि काही विसरलात का, असं विचारलं, जणू मी याच क्षणी घराबाहेर पडलो होतो. मी माझ्या खुर्चीवर हात ठेवला. गादी ऊबदार होती. स्वयंपाकघरात गेलो, मागच्या बाल्कनीत गेलो, कपाटसुद्धा उघडून बघितलं. बायको माझ्या मागे मागे हिंडत होती.

खारूच्या खोलीचं दार चार वर्षांत पहिल्यांदा सताड उघडं होतं. ती जमिनीवर बसून पुस्तकं खोक्यात भरत होती. डोळे लाल होते, पण गुणगुणत होती. मी सरळ आत पाऊल टाकलं. तिने वर बघितलं. तिचा चेहरा मिटला, गुणगुण थांबली, आणि नजर माझ्या कानाच्या बाजूने भिंतीवर गेली. तीच जुनी नजर. मी बाहेर आलो. माझ्यामागे दार लागलं.

६

त्याच दुपारी मी गेम उघडला. मी नेहमी हॉलचाच कोपरा बघत असे, कारण बाहुला तिथे उभा असायचा. तो तिथेच होता, भिंतीकडे तोंड करून. मी पहिल्यांदा स्क्रीन सरकवून मुलीच्या खोलीकडे नेली.

तिच्या दाराबाहेर दुसरा उभा होता. तोच शर्ट, तेच विरळ केस. त्याने दार वाजवलं, थांबला, आणि मुलीने उघडल्यावर आत गेला. दोघं पलंगावर बसली. कोपऱ्यातल्याने मान वळवली नाही. वर आकडा चार.

मी गेम बंद केला आणि त्या झिपमधली सूचनांची फाइल उघडली. आयुष्यात पहिल्यांदा सूचना वाचल्या. चारच ओळींच्या होत्या.

‘हा अ‍ॅडऑन बसवल्यावर वडील दार वाजवून आत येतात. जेवताना दिवस कसा गेला ते विचारतात आणि उत्तर संपेपर्यंत थांबतात. चुकले तर चुकलो म्हणतात. मूळ फाइल फोल्डरच्या बाहेर काढून ठेवा, नुसतं नाव बदलून तिथेच ठेवू नका, नाहीतर दोघंही येतील.’

खाली नाव होतं, खारू. तारीख चार वर्षांपूर्वीची, मी कॉम्प्युटर फॉरमॅट केला त्याच्या आधीच्या आठवड्यातली. म्हणजे माझ्या हातून हे एवढंच वाचलं होतं, आणि तेही तिने दुसरीकडे ठेवलं होतं म्हणून.

तेवढ्यात बोळातून चपला फरफटत गेल्या. त्या फरफटीवरून बायको मला ओळखते, असं ती म्हणते. मी मागे वळून बघितलं नाही. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं होतं. हा मला पाहिजे, असं पोरीने अठराव्या वर्षी बसून लिहून काढलं होतं, आणि चार वर्षांत ते शून्य लोकांनी उतरवून घेतलं होतं.

काम अगदी सोपं होतं. फोल्डर उघडायचा, ‘वडील’ काढून टाकायची आणि ‘वडील_जुने’ला तिचं नाव परत द्यायचं. मग घरात पूर्वीसारखी तीन माणसं. जेवायला आठला हाक. मिठाची बरणी आईच्या हातून. आणि रविवारी खारू मला पाठ दाखवून निघून जाईल, मागे न बघता. मी ‘वडील’वर माउस नेला. बाण तिथे ठेवून बोट उचलून धरलं. पलीकडच्या खोलीतून हसू आलं, आधी फुस्स आणि मग हसू.

मी कॉम्प्युटर बंद केला. सत्तावीस वर्षांत मला निर्णय घ्यायची सवय लागलेली नाही. स्टोअरकीपर माल ठेवतो, काय ठेवायचं ते दुसरे ठरवतात.

७

रविवारी दहाची गाडी होती. सकाळी आठपासून हॉलमध्ये दोन बॅगा आणि तीन खोकी मांडलेली. शुक्रवारपासून बायकोने मला चहा विचारला नव्हता. बोळातून जाताना ती बाजूला व्हायची, पण माझ्याकडे बघून नाही, तिथे काहीतरी अडगळ असल्यासारखी. मी मागच्या बाल्कनीत उभा राहिलो होतो. खाली रस्त्यावर एक बाई सायकलला हवा भरत होती. तिला मी हात केला. तिने वर बघितलं आणि पुन्हा पंप मारायला लागली.

आत हॉलमध्ये त्याचा आवाज येत होता. बॅगेचा पट्टा आवळताना कण्हल्यासारखा, मी कण्हतो तसा. मग तो म्हणाला, “खारू, जायच्या आधी मधल्या खोलीतलं ते बघतेस का जरा? मी तुझा अ‍ॅडऑन बसवला ना, तेव्हा जुनी फाइल तिथेच राहिली. उगाच घोळ होतोय.”

ती हसून काहीतरी म्हणाली. बहुतेक, सूचना वाचायच्या असतात बाबा. बोळातून तिची पावलं आली आणि मधल्या खोलीत खुर्ची सरकली.

मी बाल्कनीतून बोळात आलो. बोळाच्या दुसऱ्या टोकाला हॉलचा तुकडा दिसतो. तिथे बॅगेवर एक गुडघा टेकवलेला होता आणि पट्टा ओढणारा हात होता. हातावर माझं घड्याळ. मी माझं मनगट बघितलं. तिथे घड्याळ होतं, पण त्यातला काटा हलत नव्हता, आणि तो कधीपासून हलत नव्हता ते मला आठवेना. त्या माणसाचा चेहरा मला दिसला नाही. मी बघायला गेलो नाही. पट्टा ओढता ओढता तो हात थांबला होता, माझी पावलं मोजत असल्यासारखा.

मी मधल्या खोलीच्या दाराशी आलो. दार उघडंच होतं. खारू माझ्या खुर्चीत बसली होती, स्क्रीनवर फोल्डर उघडलेला. दोन फाइली एकाखाली एक. खालची, ‘वडील_जुने’, निळी झाली होती, म्हणजे तिने निवडली होती. स्क्रीनच्या मधोमध चौकोन आला होता आणि तो विचारत होता की ही फाइल कायमची काढायची का.

ओरडावं, असं मला वाटलं. हाताने माउस हिसकावून घ्यावा. तो मी नाही, मी इथे आहे, चार वर्षं इथेच होतो, असं सांगावं. पण तिच्या मानेवर केसांची एक बट सुटली होती, लहानपणी सुटायची तशी, आणि ती पाय हलवत बसली होती. ती खुश होती. माझ्या घरात, माझ्या खुर्चीत, तिला इतकं खुश मी कधी बघितलं नव्हतं.

मी बोटाच्या पेराने उघडं दार वाजवलं. तीनदा, हलकेच.

ती वळली. भिंतीकडे नाही, माझ्याकडे. सरळ माझ्या डोळ्यांत बघितलं. हॉलमध्ये त्या क्षणीही पट्टा ओढल्याचा आवाज येत होता, पण मी इथे कसा, असं तिला वाटलेलं दिसलं नाही.

“बाबा, ही जुनी काढू ना नक्की?” तिने विचारलं. “परत मिळणार नाही हं.”

चार वर्षं मी मनात जमवलेलं सगळं माझ्या घशाशी आलं. चुकलो, हेही आलं. पण ते तिला आधीच सांगून झालं होतं, माझ्यापेक्षा नीट. ती उत्तराची वाट बघत होती, मला मध्येच न तोडता, थांबून.

“काढ,” मी म्हणालो.

तिने मान हलवली आणि पुन्हा स्क्रीनकडे वळली.